शंकरपाळ्या आधी तळून घे

रुचिका,

शंकरपाळ्यांचं पीठ परातीत ओल्या फडक्याखाली ठेवलंय. साखर घातली की नाही तेच आठवत नाही, चाखून बघ. गॅस बारीक ठेव, नाहीतर आतून कच्च्या राहतात.

मी नामाकाकांबरोबर कल्याणला जाते. खाडीत कोणीतरी सापडलंय, पोलिसांनी ओळखायला बोलावलंय. तुझे बाबा नसणार. ते त्याच खाडीत पोहून मोठे झालेत.

शेजारची आक्का फराळाचं ताट घेऊन येईल, घेऊ नको. मयत झालेल्या घरात दिवाळीला कढई चढवत नाहीत, म्हणून लोक फराळ आणून देतात. आपल्याकडे तसं काही झालेलं नाही. बाबा वीस दिवस घरी आले नाहीत, एवढंच.

माझा फोन आला तर लगेच उचलू नको. आधी सगळ्या तळून घे.

आई