टाकीखालची काच

३ फेब्रुवारी
पोरीने आज पाण्याच्या टाकीखालच्या तुळईतली भेग भरली. सिमेंटने नाही, जंतूंनी! पिचकारीने आत सोडले, वरून त्यांचं खाणं. शिंपला आपलं कवच बांधतो तसा हे जंतू चुना बांधणार आणि भेग बुजणार म्हणे. मी चौथी नापास, चाळीस वर्षं थापी धरलेला. मला काय कळणार. पण ती टाकी मीच बांधली आहे.
खाली इस्त्रीवालीचं टेबल. म्हणते, "मिस्त्री, उरले तर माझ्या गुडघ्यात भरा."

४ फेब्रुवारी
तुळईच्या मागच्या अंगाला, भेगेवर आडवी काचेची पट्टी चिकटवली. जुनी रीत. भेग हलली की काच तडकते. पोरगी हसली. "लावा बाबा. तुमचाही प्रयोग."

१७ फेब्रुवारी
भेगेत पांढरी रेघ आली. नखाने खरवडली, निघाली नाही. तिची आई गेल्यापासून पोरीला इतकं खूश पाहिलं नव्हतं.
माझा मात्र जीव खालीवर.

२१ फेब्रुवारी
काच तडकली.
वरून बुजली, आतून वाढतेय. का, ते मला माहीत आहे. टाकी बांधली त्या वर्षी नदीची वाळू मिळेना. समुद्राची घातली, न धुता. ठेकेदार म्हणाला होता, "कोण चाखून बघणार आहे?" खारामुळे सळया गंजून फुगल्या असणार. तिथे जंतू काय करणार.
एक तारखेला मोठे साहेब पोरीचं काम बघायला येणार. तिची तीन वर्षं आहेत त्यात. तुकडे कचऱ्यात टाकले. नवी काच लावली.

२६ फेब्रुवारी
दुसरीही गेली. इस्त्रीवालीला म्हटलं, टेबल जरा पलीकडे घे.
"का, टाकी पडतेय?"
म्हटलं, तिकडे ऊन चांगलं येतं.
"मिस्त्री, इस्त्रीला ऊन लागत नाही."
ती हसली. मीही हसलो. मेल्याहून मेल्यासारखं झालं. तीनच दिवस. साहेब येऊन गेले की सांगतो.

२८ फेब्रुवारी
सकाळी तुळईचा ढलपा सुटला. घमेलंभर असेल, पांढऱ्या रेघेसकट. इस्त्रीवालीचा उजवा खांदा मोडला. डॉक्टर म्हणाले, हाड आपोआप सांधतं, शरीरच तिथे चुना आणून भरतं. पण या वयात हात पूर्वीसारखा चालणार नाही.
खाटेवरून ती मला म्हणाली, "तिकडे ऊन चांगलं होतं, नाही का मिस्त्री?"
घरी येऊन पोरीला सगळं सांगितलं. वाळू, दोन्ही काचा, सगळं. वाटलं होतं, फाडून खाईल. ती उठून टाकी रिकामी करायला गेली.

२ मार्च
चष्मा सापडेना म्हणून पोरीचा खण उघडला. आत कागदाची पुडी. पुडीत माझ्या पहिल्या काचेचे तुकडे. वर तिच्या अक्षरात तारीख — २१ फेब्रुवारी.