आरशातला अर्धा रस्ता

प्रिय दादा,

पाकीट बघून आधी हसशील. दिवसातून दोनदा फोनवर तुझं डोकं खाणारी शेपूट आज चक्क कागद-पेन घेऊन बसली! पण फोनवर तू मला बोलू कुठे देतोस? मी ‘त्या दिवशी’ एवढं म्हटलं, की तुझं सुरू होतं, ‘माझ्यामुळे तुझं मनगट मोडलं गं.’ मग आपण दुकानाबद्दल बोलत बसतो. म्हणून मावशीच्या ओट्यापाशी उभ्या उभ्या लिहितेय. मनगट अजून ठणकतं, अक्षर गोड मानून घे.

वकीलबाईंनी मला सगळं सांगितलंय. आपल्याला धडकलेल्या टेम्पोची विमा कंपनी म्हणते, टेम्पो वेगात होता हे कबूल. पण स्कूटरवालाही मागचं न बघता वळला, तेव्हा चूक निम्मी-निम्मी आणि भरपाईही निम्मीच. वकीलबाई थांबा म्हणतायत, तरी तू सोमवारी त्या तडजोडीवर सही करायला निघालायस. कापलेल्या पायाच्या जागी निम्म्या पैशात मिळेल तो ताठ नकली पाय. गुडघ्यात वाकणारा मिळणार नाही, आणि ताठ पायाने शिडीवर चढून तू खिडक्यांना काचा कशा बसवणार? वर म्हणतोस, चूक होती तर होती, खोटं कशाला बोलायचं. तुझा हा खरेपणा मला लहानपणापासून छळत आलाय. बाबांच्या दुकानातली ती मोठी काच मी फोडली, तेव्हाही मार तूच खाल्लास. मी दाराआड गप्प उभी होते.

आरसा पोचवायला निघालो की बाबांचा नियम ठरलेला. तू पुढे, मी मागे आणि मध्ये उभा धरलेला आरसा. तो दोन्ही बाजूंनी बाहेर यायचा, त्यामुळे स्कूटरच्या छोट्या आरशांत तुला फक्त त्याची पाठ दिसायची. म्हणून मागचा रस्ता बघायचं काम माझं. मान पूर्ण वळवून बघायचं आणि रस्ता मोकळा असला की तुझ्या खांद्यावर दोन थापा द्यायच्या. एकदा मला मागे डुलकी लागली, तर तू पठ्ठ्या सरळच जात राहिलास, थेट पुढच्या गावाच्या पाटीपर्यंत! थापा नाहीत तर वळायचं कसं, म्हणालास. बाबा तेव्हा दोघांवरही भडकले होते.

त्या दिवशीचं तुला आपण चहाला थांबलो तिथपर्यंतच आठवतं. पुढचं बहुतेक कधीच आठवणार नाही, असं डॉक्टर म्हणाले. मग तूच ठरवून टाकलंस, की तुला घाई झाली असणार, थापांची वाट न बघताच वळला असशील. पोलिसांना मी सांगितलं होतं, मला काही कळलंच नाही. नंतर मला कोणी पुन्हा विचारलं नाही. तूही नाही.

सलूनवाल्याचा आरसा होता तो. माझ्या हनुवटीपर्यंत येणारा, माझ्याकडे तोंड केलेला. दादा, गेले काही महिने मी मान वळवतच नव्हते. समोर एवढा आरसा असताना मान कशाला मोडायची, त्यातच मागचं सगळं दिसतं, असं मी माझं डोकं चालवलं होतं. या हुशारीवर मी खूशही होते. त्या दिवशी आरशात बघितलं तर रस्ता रिकामा. पण आरसा जरा तिरका झाला होता आणि त्यात रस्त्याची डावी बाजूच येत होती. टेम्पो उजवीकडून आला. भरधाव आला, हे खरंच आहे, त्याचा दोष माझ्यामुळे पुसला जात नाही. पण मी मान वळवली असती, तर तो मला दिसला असता.

काल दुपारी मी वकीलबाईंना हे सगळं लिहून दिलं. आधीचा जबाब खोटा होता, हेही. कोर्ट काय ठरवेल याची खात्री त्या देत नाहीत. एवढा आरसा घेऊन स्कूटरवर निघालातच कशाला, असं विचारतील आणि थोडा दोष तुझ्याकडेही ठेवतील. माझ्या मनगटाची भरपाई बहुतेक जाईल, तुझ्या नुकसानीचा काही वाटाही माझ्यावर येईल. येऊ दे. मला भीती आहे ती तू माझ्याशी बोलणं टाकशील याची, आणि ती इतकी होती की आठ महिने मी तुला अशा चुकीची माफी मागू दिली, जी तू केलीच नव्हतीस. सोमवारी सही करू नकोस. तुला घाई झाली नव्हती, दादा. तू वाट बघत होतास. मी दोन थापा दिल्या, तेव्हाच तू वळलास.

तुझीच,
शेपूट