रूळ नसलेल्या स्टेशनावरून

तीर्थरूप आत्येस,

साष्टांग नमस्कार (कंबर धरल्यामुळे सध्या फक्त कागदावर). तुझा गुडघा कसा आहे? डॉक्टरांशी भांडण चालू असेल, तर तब्येत ठणठणीत आहे असं समजतो.

भाचा स्टेशनमास्तर झाला, आता त्याच्याकडे जाईन ती गाडीनेच, बसने मुळीच नाही, असा हट्ट धरून तू बसली आहेस. इथे गाडी येत नाही असं मी दर पत्रात कळवतो आणि गाडीशिवाय स्टेशन असतं का, असं तू उलट विचारतेस. असतं, आत्या. त्याचं असं झालं की आमच्या कचेरीतल्या नकाशावर चालू स्टेशनं म्हणजे भरीव ठिपके आणि पुढेमागे व्हायची ती पोकळ गोल. हेडक्लार्कसाहेबांना फोनवर बोलताना हाताला लागेल ते गिरवायची सवय (घरी उशांचे अभ्रेसुद्धा सुटलेले नाहीत, असं त्यांची बायको सांगते). एकदा मेहुण्याशी बोलणं लांबलं आणि त्यांनी आमचा गोल भरून टाकला. झालं! चालू स्टेशनाला मास्तर हवाच, म्हणून मला धाडलं. मागोमाग घंटा आली, झेंडे आले, बाकं आली, वजनकाटा आला. मी रूळ मागितले, तर चालू स्टेशनाला नवे रूळ मिळत नाहीत, असं उत्तर आलं. एकही गाडी उशिरा न आलेलं स्टेशन म्हणून यंदा वक्तशीरपणाची ढालही आम्हालाच मिळाली. मोठ्या साहेबांनी कौतुकाने पाठीत जी थाप मारली, तिनेच कंबर धरली.

गावाला मात्र स्टेशन फार आवडलं. सावली आहे, बाकं आहेत, म्हणून बस आता आमच्या फलाटाशीच थांबते. एकदा कंटाळून मी तिला हिरवा झेंडा दाखवला, तेव्हापासून ड्रायव्हर झेंड्याशिवाय हलतच नाही. परवा मी दाढीला बसलो होतो, तर अख्खी बस खोळंबली. शेवटी प्रवासीच झेंडा घेऊन न्हाव्याच्या दुकानात आले आणि अर्ध्या गालाला साबण असताना मी बस सोडली (न्हावी म्हणाला, "साहेब, मान हलवू नका, हात हलवा").

पोचवायला आलेली माणसं बस गेल्यावर उगाच थोडी रेंगाळतात, डोळे पुसतात, माझ्याकडे चहा पितात. तेव्हा मला तुझी फार आठवण येते, आत्या. मी शाळेत जाताना वळणाआड होईपर्यंत तू फाटकाशी उभी असायचीस. इथे सगळ्यांचं कुणी ना कुणी येतं, माझं अजून कुणी आलेलं नाही.

तुझा,
ढब्बू

ता.क. : बसनेच ये ना! ड्रायव्हरने तुझ्यासाठी पुढची जागा कबूल केली आहे. फलाटाला बस अगदी चिकटवतो, गुडघा वाकवावा लागणार नाही.

आणखी एक : हेडक्लार्कसाहेब निवृत्त झाले. त्यांच्या जागी आलेल्या बाईंनी नकाशा नीट पाहिला. स्टेशन महिनाअखेर बंद होणार आणि माझी बदली मोठ्या जंक्शनला. तिथे दिवसभर गाड्याच गाड्या, तुझी हौस फिटेल. पण मी कामात बुडालेला असेन, तुला उतरवून घ्यायलाही येता येणार नाही. तेव्हा गाडी हवी असेल तर पुढच्या महिन्यात ये. मी हवा असेन तर याच आठवड्यात ये.