ही चाल कुणाची?

१४ नोव्हेंबर, मुरुम
लग्नाच्या मांडवात बसाप्पाकाका म्हणाले होते, “पोरी, ह्याच्या अंगात गावभरची माणसं हायती. ह्याची सोताची चाल तेवढी तू ध्यानात ठेव.” काका म्हणजे ह्यांचे नाटकातले गुरू. सगळे हसले होते, मीही. आज दिवसभर तेच वाक्य डोक्यात.

सकाळी हे चहा घेऊन आले. डावा पाय फरशीवर घासत. डावा हात अंगाला चिकटलेला. मी नेहमीसारखं विचारलं, “कुणाची?” लग्नापासूनचा खेळ. हे कुणाची तरी चाल उचलून आणतात, मी ओळखते, मग तो माणूस मी लिहिते त्या नाटकात जातो. आडतवाले अण्णा, माझी आत्या, लोहाऱ्याचा जीपवाला, सगळे असेच गेले.
“ओळख की.”
नाही आली ओळखता. कप बशीत वाजत होता.

१५ नोव्हेंबर
“नागूमामा?” “न्हाय.” “गिरणीवाले?” “न्हाय गं. इतकी कशी मंद झालीस?”
दुपारी हे दळण आणायला गेले. खिडकीतून बघत राहिले. बोळात चिटपाखरू नव्हतं. तरी तीच चाल.
बघायला कुणी नसताना नक्कल कुणासाठी?

२१ नोव्हेंबर
लोहाऱ्याला प्रयोग. हवालदार, सासू, ज्योतिषी, म्हातारा नवरदेव, चारही हेच. नवरदेव तो पाय ओढत आला आणि मंडप हशानं फुटला. मागून एक बाई, “अगं बया, आमचं म्हातारं हुबेहूब!”
परतताना जीपमध्ये खूश. “बघितलंस? पाय टाकला की टाळी.”
“तो पाय मी लिहिला नव्हता.”
“मग लिही.”

२४ नोव्हेंबर
बाजारात सोबत गेले. भाजीवालीनं हाक मारली, “भाऊसाहेब, आमचा सातबारा कवा देताव?” सिरियलमध्ये तलाठी झाले होते, त्याला किती वर्षं झाली. पुढच्या वळणावर कुणी “सासूबाई” म्हणून चिडवलं. ह्यांचं नाव कुणालाच ठाऊक नाही, त्याचाच ह्यांना अभिमान. “नाव लक्षात राहिलं तर नट कच्चा.”
पैसे देताना डावा अंगठा थरथरत होता. मी बघितलं हे ह्यांनी बघितलं. हात खिशात.
ह्यांना काही झालं तर एकटे नाही जायचे हे. हवालदार, सासू, तलाठी… नको. लिहायचंच नाही हे.

२ डिसेंबर
सोलापूर. शेवटी आले एकदाचे. डॉक्टर म्हणाले, “चालून दाखवा.”
हे उठले. छाती पुढं, दोन्ही हात झोकात, टाच आधी. दारापर्यंत, वळून परत. डॉक्टर हसले. “ताई, उगाच घाबरताय. माझ्यापेक्षा छान चालतात.”
ती माझ्या दादाची चाल होती. दादा फौजेत आहे.
ह्यांची नक्कल चालू असताना मधे बोलायचं नाही, इतक्या वर्षांची सवय. तपासण्या नकोत म्हणाले, उठलेसुद्धा.
एसटीत विचारलं, “दादाची ना?”
“ओळखलीस!” लहान मुलासारखे खूश. खिडकीची काच ओढून घेतली. “मग तिथं का न्हाय बोललीस?”
माझा हात धरून बसले, उजव्या हातानं.

६ डिसेंबर
ह्यांची स्वतःची चाल आठवून बघते आहे. मांडवात तहसीलदारासारखे आले होते. सासूबाई गेल्या तेव्हा खांदा देताना अगदी मामंजी. माझ्या आजारपणात रात्री उठून पाणी आणायचे, तेव्हा? तेव्हा मी डोळे मिटून असायची. पावलांचा आवाज तेवढा आठवतो. हलका. दोन्ही पायांचा सारखा.
बसाप्पाकाका असते तर विचारलं असतं. त्यांना नक्की ठाऊक होती.

७ डिसेंबर
आज अणदूरला प्रयोग. हे आरशापुढं मिशा लावून बघताहेत, शीळ घालताहेत. डावीकडची मिशी दोनदा वाकडी बसली. तिसऱ्यांदा मला हाक मारली. मी लावून दिली. हसले, तर एकच बाजू हसली. की मलाच तसं वाटलं?
निघायच्या आधी सांगणार आहे. प्रयोग राहू द्या, पुन्हा सोलापूरला जाऊ. त्याच्याही आधी एक मागणार आहे. नाही म्हणतील हे. “मी? तो कोण गं? त्याचं काम कधी केलं न्हाय म्या,” म्हणतील आणि सासूचा पदर ओढून घेतील. तरी सांगणार.
अहो, एकदाच. त्या दारापासून माझ्यापर्यंत, कुणाचीच चाल न उचलता, चालत या.