घट कोणी भरायचा

बाबा, परवानगी मागण्यासाठी हे लिहीत नाही, हे प्रथमच सांगून टाकते. परवानगी मागण्याचे माझे वय तुमच्या हयातीतच संपले होते, आणि ते तुम्हीच संपवले होते. परवा सकाळी आपल्या गावचे लोक गोंदियाजवळच्या कुडव्यातल्या माझ्या घरी आले. राममंदिराच्या समितीचे अध्यक्ष आले होते, ज्यांच्या गोंदियात भाताच्या गिरण्या आहेत. सोबत मंदिराचे तरुण पुजारी होते. तुमच्यानंतर कार्तिकातले पुराण कोणी नीट लावले नाही, गादी रिकामीच राहिली, आणि आता गावाची इच्छा आहे की तुमच्या मुलीने त्या गादीवर बसून यंदाचे पुराण सांगावे, असे ते म्हणाले. मी हात जोडले. माझे डोळे भरले, हेही लपवत नाही. मग पुजाऱ्यांनी घसा खाकरला आणि अट सांगितली. आधी प्रायश्चित्त घ्यावे लागेल. इतकी वर्षे रंगभूमीवर आणि पडद्यावर काम केल्याचे प्रायश्चित्त.

तेव्हापासून मी तुमच्याशी मनात भांडते आहे. पुजारी माझ्या नातवाच्या वयाचे. त्यांच्याशी काय भांडायचे? त्यांनी तुमचाच जुना निवाडा उचलून माझ्यासमोर ठेवला होता.

बाबा, माझ्या तोंडात पहिला संवाद कोणी घातला, ते आज आठवून पाहा. कार्तिकातली दुपार आहे. हलक्या धानाची कापणी आटोपलेली आहे, बायका पदराला हात पुसत सभामंडपात डावीकडे येऊन बसल्या आहेत, काहींच्या केसांत अजून पेंढ्याचे कुसळ अडकलेले आहे. तुम्ही गादीवर, समोर लाकडी फळीवर पोथी, आणि तुमच्या मागे पडद्याआड मी, परकरातली पोर, पाने क्रमाने लावून देणारी. त्या वर्षी तुमचा घसा बसला होता. भरल्या सभेत केस धरून ओढून आणलेली ती राणी कुरुवृद्धांना प्रश्न विचारते, त्या जागी तुमचा आवाज फाटला आणि तुम्ही थांबलात. मला तो प्रश्न पाठ होता. तुम्ही मागे न पाहता बोटाच्या पेराने फळीवर दोनदा ठोकलेत, आणि मी पडद्याआडून बोलले. मग एका म्हातारीचा हुंदका ऐकू आला, आणि तिच्यामागे सगळ्या बायका रडू लागल्या. त्या संध्याकाळी तुम्ही मोहोळाच्या मधाचे बोट माझ्या जिभेवर ठेवलेत. जंगलातल्या माणसांनी देवाला आणून दिलेला मध होता तो. घरात कोणालाही त्याला हात लावू देत नव्हता तुम्ही. म्हणालात, “ही जीभ आता देवाची.” पुढच्या साऱ्या कार्तिकांत पुराणातल्या राण्या, माता, गौळणी, शापित अप्सरा, सगळ्या माझ्या तोंडून बोलल्या. पेराची ठोक पडली की मी बोलायचे. आसपासच्या गावांहून बैलगाड्या येऊ लागल्या. तुम्हाला त्याचा अभिमान होता, बाबा. नव्हता म्हणू नका.

मग मी मोठी झाले आणि पडदाही पुरेसा वाटेना तुम्हाला. बायकांनी पुराण ऐकावे, सांगू नये, असे तुम्ही एका सकाळी ठरवलेत. मी मात्र बोलायची थांबले नाही. स्वयंपाकघरात लाखोळीचे वरण चुलीवर शिजत असे आणि मी पळी हातात धरून साऱ्या सभेला जाब विचारत असे. आई पाटावर बसून तांदूळ निवडता निवडता सभा होई. एकदा तुम्ही दारात येऊन उभे राहिलात ते आम्हाला कळलेच नाही. गादीवरची तुमची भाषा निराळी आणि रागातली निराळी. “कायले बोलून राहिली तू? कोनाले आयकवून राहिली?” आई खाली मान घालून म्हणाली, “मले आयकवून राहिली. मी मानूस नोहो का?” त्या दिवसापासून पोथी कुलपात गेली.

वडशाच्या नाटक कंपनीत मी गेले ती पळून नव्हे. सांगून गेले, भर दुपारी, पुढच्या दाराने. दिवाळीनंतर आपल्याकडे गावोगाव मंडई भरते, शेतात उतरता खड्डा खोदून प्रेक्षकांची जागा करतात, समोर मंच उभा राहतो आणि पहाटेपर्यंत नाटक चालते. त्या मंचावर उभे राहण्यात काय पाप आहे, हे मी तुम्हाला विचारले होते. तुम्ही उत्तरासाठी शास्त्र उघडलेत. जिवंत पतिताला कुळातून काढण्याचा विधी त्यात सापडला तुम्हाला. पाण्याने भरलेला घट दक्षिणेकडे तोंड करून पायाने पालथा करायचा, त्या माणसाचे नाव घ्यायचे आणि म्हणायचे, आजपासून याला पाणी नाही. तलावाच्या काठी चार नातेवाईक उभे करून तुम्ही माझ्या नावाने तो घट पालथा केलात, मग स्नान केलेत, आणि सुतक धरलेत.

मला हे आईने सांगितले. आमची मंडळी एका गावात शाळेच्या ओसरीवर उतरली होती; सकाळचा प्रहर, कोणी दाढी करतो आहे, कोणी आदल्या प्रयोगाची वस्त्रे वाळत घालतो आहे. आई डोक्यावर टोपली घेऊन आली. तिने घटाची हकीकत एका दमात सांगितली आणि टोपलीतला भात आणि लाखोळीचे वरण पळसाच्या पत्रावळीवर वाढू लागली. मी म्हणाले, “आई, मग तू मला शिवलीस कशी?” ती म्हणाली, “मेलेल्या मानसाले लोक जेवू घालतेच ना? मंग जेव. अन् पोटभर जेव, वाळून गेली नुसती.” मी जेवले. आमच्या मंडळीतला खलनायकही रडला त्या दिवशी, आणि मग आईने त्यालाही वाढले.

त्यानंतर जे झाले ते तुम्ही पाहिले नाहीत, म्हणून सांगते. मी या झाडीपट्टीत दिवाळीपासून होळीपर्यंत नाचले, गायले, विधवा झाले, सासू झाले, देवी झाले. थंडीत कुडकुडणाऱ्या माणसांना घोंगडीबाहेर हात काढून टाळ्या वाजवायला लावले. एका प्रयोगाला मुंबईचा दिग्दर्शक आला होता, त्याने चित्रपटात घेतले. मग मुंबई, मग पुण्याची रंगभूमी, मग हिंदी चित्रपटांतल्या आया. राजधानीत सन्मान झाला तेव्हा मोठमोठ्या सुशिक्षित लोकांनी विचारले, आपली अभिनयाची शाळा कोणती? मी म्हणाले, राममंदिराचा सभामंडप, पडद्यामागची बाजू. लोक हसले. त्यांना तो विनोद वाटला. पहिल्या चित्रपटात एक प्रसंग होता. मुलाचे प्रेत दारात आणतात आणि आई काही बोलत नाही. दिग्दर्शकाला अश्रू हवे होते. मी म्हणाले, थोडे थांबू द्या. त्याने कॅमेरा सुरू करायला सांगितला आणि माझ्याकडून काही होईना. त्याचा तो आदेश माझ्या कानापर्यंत पोचत होता, आत उतरत नव्हता. शेवटी मी पाठीमागच्या लाकडी खांबावर बोटाच्या पेराने हळूच दोनदा ठोकले, आणि मग केवळ थांबले, तुम्ही राणीच्या प्रश्नानंतर थांबायचात तशी. प्रसंग त्या एकाच टेकमध्ये झाला. पुढे प्रत्येक प्रवेशापूर्वी मी कुठे ना कुठे ठोकत आले, विंगेत, दारावर, खुर्चीच्या हातावर. मंडळींना ती माझी अंधश्रद्धा वाटली. मी कोणाला खुलासा केला नाही.

आता शास्त्राचेच बोलू. वाचायला तुम्हीच शिकवले आहे, तेव्हा ऐकून घ्यावे लागेल. चारही वेदांतून एकेक अंश काढून ब्रह्मदेवाने नाट्य घडवले, ज्यांना वेद ऐकण्याचा अधिकार नाही त्यांच्यासाठी घडवले, हे मला कोणी सांगितले? ज्याच्या पिंडीवर तुम्ही रोज बेल वाहत होता त्याला नटांचा राजा म्हणतात, ते काय निंदा म्हणून? अमृत वाटण्याच्या वेळी प्रत्यक्ष नारायणाने स्त्रीचे रूप घेतले, डोळे मोडले, पदर सावरला, असुरांना भुलवले. त्याला कोणत्या ऋषीने प्रायश्चित्त सांगितले? तो ज्या देहात शिरला तो देह पवित्र झाला, आणि मी ज्या देहात शिरले तो मात्र माझा कलंक? मी रोज सकाळी जप केला आहे. प्रयोगाच्या दिवशी उपवास केला आहे. तुम्ही गेल्यावर, ज्या मुलीला तुम्ही मेलेली ठरवलेत तिनेच दर पितृपक्षात तुम्हाला तीळ आणि पाणी दिले आहे. मृताने मृताला तर्पण करावे की नाही, याचा निवाडा शास्त्रात शोधत बसायला मला फुरसत नव्हती. तुम्हाला तहान लागली असेल, एवढेच मला समजत होते.

परवा अध्यक्ष फार गोड बोलले. “अरे ताईजी, आप तो हमारी शान हो. छोटीशी विधी आहे, आधा घंटे का काम. तलावावर नवा घट भरायचा, महाराज मंत्र म्हणतील, तुम्ही स्नान करायचं, बस. सत्कार अलग से, शाल-श्रीफळ अलग से.” पुजारी नम्रपणे म्हणाले, “माई, तुमच्या वडिलांनीच घट पालथा केला होता. ज्या शास्त्राने काढलं त्याच शास्त्रात परत घ्यायची सोय आहे. फक्त आपलं चुकलं, असं एकदा म्हणावं लागेल.” मी विचारले, “काय चुकलं?” ते गडबडले. म्हणाले, “तसं... म्हणजे रीत म्हणून.” मी म्हणाले, “महाराज, रीत म्हणून मी हजारो माणसांसमोर खोटं बोलले आहे, त्याला नाटक म्हणतात, आणि त्याचंच तुम्ही प्रायश्चित्त मागता. मग देवासमोर खोटं बोलू म्हणता, ते कशात बसतं?” अध्यक्षांनी चहाचा कप खाली ठेवला. “तो फिर गादी का क्या करें, ताईजी?” “राहू द्या रिकामी. तिला सवय आहे.”

ही गोष्ट गावात माझ्याआधी पोचली. काल दुपारी माझी बालमैत्रीण एसटीने इथवर आली. पुराणाला डावीकडे पुढच्या रांगेत बसायची ना, ती. आता नातसुना आहेत तिला. दारातूनच ओरडली, “काऊन वो, नाटकात तू कितीदा मेली? दरवेळी उठूनच बसली ना? मंग तुया बापाच्या घटानं का होते?” मी हसू लागले. ती बसली, पाणी प्यायली आणि म्हणाली, “हे पाय, गादी गेली चुलीत. मंडईचा खड्डा खोदून झाला हाये, मंच बांधून झाला हाये. नाटक रातच्याले. दुपारी मंच का झोपा काढते? तू तिथं पोथी घेऊन बस. आमी साऱ्या येतो. आमाले गादी आयकाची नाही, तुले आयकाचं हाये.” मी म्हणाले, “नाटकाच्या मंचावर पुराण? लोक काय म्हणतील?” ती म्हणाली, “आता विचारून राहिली! साठ वर्सं उशीर झाला.”

तर बाबा, उद्या दुपारी मी आपल्या गावच्या मंडईतल्या मंचावर पुराण लावणार आहे. मागे रात्रीच्या नाटकाचा राजवाडा रंगवलेला पडदा असेल, समोर खड्ड्यात धान कापून आलेल्या बाया असतील. सभेतल्या राणीचा प्रश्न मीच विचारीन, आणि वृद्धांची मौन धरलेली तोंडेही मीच होईन. घट भरला जाणार नाही. चुकले असे मी म्हणणार नाही. अध्यक्षांचा सकाळी फोन आला होता, ते स्वतः ऐकायला येणार आहेत. पुजाऱ्यांचे कळले नाही. आले तर त्यांना पुढे बसवीन.

हे पत्र मी तर्पणाच्या पाण्यात सोडणार नाही की अग्नीला देणार नाही. ते तुमच्यापर्यंत पोचावे अशी माझी इच्छा नाही. कारण त्यात एक गोष्ट लिहावी लागते आहे, जी मी परवा त्या दोघांसमोर बोलले नाही. पुजारी निघता निघता मी त्यांना विचारले होते, परत घेताना तो नवा घट कोणी भरायचा असतो? ते म्हणाले, “ज्यांनी पालथा केला त्यांनी. आणि ते त्या माणसासोबत त्याच पाण्यात स्नान करतात.” मी म्हणाले, मग तुमचा विधी होऊच शकत नाही, आणि दार लावून घेतले. बाबा, चुकले असे तर मी तुमच्यासमोरही म्हटले नसते. पण घट भरून तुम्ही स्वतः तलावात उभे असता, तर मी काठावर थांबले असते का, हे मला आज या वयातही सांगता येत नाही.