पिंपातली निर्गुडी

आई, गेल्या महिन्यात तुझ्या निर्गुडीला लोकांनी गांजा ठरवलं. भोईवाड्यातली आपली चाळ पाडून टॉवर झाला, तेव्हा घरातलं बरंच काही मी भंगारात दिलं. पण तुझं निर्गुडीचं पिंप आधी भाड्याच्या खोलीवर नेलं आणि टॉवर झाल्यावर परत आणलं. आता ते खाली गेटपाशी आहे, अजून निळसर तुरे येतात. पाच बोटांचं पान बघून कुणीतरी तक्रार केली आणि सोसायटीचे सेक्रेटरी घरी आले. "मावशी, ते झाड रविवारपर्यंत काढून टाका. पोलीस आले तर निस्तरायचं मलाच." तरुण माणूस, वाईट नाही, पण घाबरट. माझं डोकंच फिरलं.

त्याच पाल्याच्या कढत पाण्याने तू मला बाळंतपणात न्हाऊ घालायचीस. मी मोरीत पाटावर बसलेय, पाठीवर तुझे खरखरीत हात, आणि तो उग्र वास. मी नाक मुरडते. तू तांब्या थांबवत नाहीस. "नाक कित्याक मुरडतंस? फुडे हाडां दुखतली, तेव्हा माझी आठवण येतली." चाळीतल्या कुठल्याही बाळंतिणीला, कुणाच्याही सुजेला तू पाला द्यायचीस. अट एकच, खुडण्याआधी झाडाला सांगायचं, कुणासाठी आणि कशासाठी. उगाच तोडलं तर झाड रुसतं म्हणायचीस. मला तेव्हा हसू यायचं.

सेक्रेटरींना मी तशीच खाली घेऊन गेले. झाडाला म्हटलं, "ह्यांच्या शंकेसाठी एक पान नेते," आणि ते चुरगाळून त्यांच्या नाकाखाली धरलं. त्यांनी हुंगलं, पुन्हा हुंगलं.

"आमच्या आजीच्या खोलीत हाच वास यायचा," ते म्हणाले. मग जरा घुटमळून, "आईचे गुडघे फार दुखतात हो. दोन फांद्या नेऊ का?"

झाड वाचलं. आता निम्मी बिल्डिंग पाला मागायला येते आणि मी थेट तुझ्यासारखी खेकसते, आधी झाडाला सांगा, मग हात लावा. इंजिनियर पोरीसुद्धा इकडेतिकडे बघून पुटपुटतात. तू असतीस तर पदर तोंडाला लावून हसली असतीस.

हे लिहिलेलं कुणाला वाचून दाखवणार नाही, पाठवायचा तर प्रश्नच नाही. पण एक तुला सांगायला हवं. आज सकाळी मी पाला खुडला आणि झाडाला सांगितलं, गुडघ्यांसाठी नेते. माझे गुडघे ठणठणीत आहेत, आई. पाणी उकळलं, बाथरूमचं दार लावून घेतलं आणि त्या वाफेत नुसती बसून राहिले.