राजा बारीक दिसतो

२ फेब्रुवारी
ऐतिहासिक चित्रपट अखेर सुरू. राजासाठी हवा तो नट परवडला नाही, बाबांना घेतलं. निवृत्त पोस्टमास्तर; पण नाक राजाचं. पैसे नसणं हीच आपली शैली. संकल्प: सेटवर ओरडायचं नाही.

५ फेब्रुवारी
सैन्य सहा जणांचं. कॅमेऱ्यासमोरून धावतात, मागून वळसा घालून पुन्हा येतात. अफाट दिसतं. बाबा मात्र संवाद म्हणताना कॅमेऱ्याशेजारी, माझ्याकडेच बघतात. राजाने शत्रूकडे बघायचं, सांगितलं. तेच तर करतोय, म्हणाले. युनिट हसलं. ओरडलो.

११ फेब्रुवारी
बाबांना खोकला. स्क्रिप्टमध्ये नव्हता. ठेवला.

१९ फेब्रुवारी
घोळ. शेवटची लढाई आधीच शूट झाली, राज्याभिषेक आज. म्हणजे तरुणपणीच राजा जास्त बारीक. पत्र्याचं चिलखत खांद्यावरून घसरतं. आत उशी बांधली. बाबांना बजावलं, नीट जेवत जा, कंटिन्युइटी जाते. ताई म्हणाली, डोळे फुटलेत का तुझे, दवाखान्यात ने त्यांना. ताईला सिनेमातलं ओ की ठो कळत नाही.

२० फेब्रुवारी
दवाखाना सोमवारी नक्की.
किल्ल्यावर शूटिंगची परवानगी सोमवारचीच मिळाली. मंगळवारी नक्की.

२५ फेब्रुवारी
मंगळवारी ढग होते. असा उजेड पुन्हा मिळत नाही. किल्ल्याच्या पायऱ्या बाबा बसत बसत चढले. हरलेल्या राजाचं इतकं खरं चालणं मी कुठल्याच नटाचं पाहिलेलं नाही. शॉट संपल्यावर टाळ्या वाजवल्या. एकट्यानेच.
संध्याकाळी ताई त्यांना घेऊन गेली, चिलखतासकट. म्हटलं, मृत्यूचा सीन बाकी आहे. तेवढा तरी आमच्याकडे होऊ दे, म्हणाली.

६ मार्च
हॉस्पिटलात गेलो. कॅमेरा नेला होता, पण बॅगेतच ठेवला. बाबांनी विचारलं, किती राहिलंय? एकच सीन, म्हणालो. संवाद दे, पाठ करून ठेवतो, म्हणाले. राजा मरताना काही बोलत नाही, असं सांगितलं. बरं झालं, म्हणाले. पाठ होत नाही हल्ली.

९ मार्च
बाबा गेले. चिलखत ताईकडे आहे. मागायचं कसं?

४ एप्रिल
एडिटिंग सुरू. मृत्यूचा सीन पडद्यामागून सुचवू. मोठे दिग्दर्शक हेच करतात.
एडिटर म्हणाला, राजाचे निम्मे शॉट बाद. लढाई समोर आणि हा बाजूला बघतोय. तिथे होतं कोण?
शत्रू, म्हणालो.
त्याने शॉट मागे नेला. पुन्हा पाहिला. शत्रूकडे असं बघतं का कोणी, म्हणाला, आणि कापला.